मराठवाड्यात इलेक्ट्रिक गाडी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आठही जिल्ह्यांतून येणारे प्रश्न फिरून फिरून तेच असतात, म्हणून ते एकत्र केले आहेत. प्रत्येक उत्तर सुटं वाचलं तरी चालेल. एकदा सांगितलेलं परत सांगण्याऐवजी त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे. लोक विचारतात गाडीबद्दल, पण आपल्या भागातली अडचण बहुतेक वेळा भिंतीतल्या प्लगशी येऊन थांबते. घाई असेल तर निदान प्रश्न ४ वाचा आणि मगच शोरूमला जा.

१. मराठवाड्यात ईव्ही खरंच चालते का, की हे पुण्या-मुंबईचं खूळ आहे?

चालते, आणि काही बाबतींत मुंबईपेक्षा सोपी जाते. तिथे गाडी लावायला जागा नसते, सोसायटीची परवानगी लागते. आपल्याकडे तालुक्याच्या गावी अजून अंगण आहे, गाडी घरात घेता येते आणि प्लग हाताशी असतो. दुसरं कारण पेट्रोलचं. आपल्याकडे इंधन मनमाड, सोलापूरसारख्या लांबच्या डेपोंवरून टँकरने येतं, म्हणून परभणी आणि नांदेडचा दर राज्यातल्या सर्वांत महाग दरांमध्ये असतो.

हौसेचं म्हणाल तर २०१० साली एकाच वेळी दीडशे मर्सिडीज घेणारं शहर आपलंच आहे. त्याच छत्रपती संभाजीनगरातल्या उद्योजकांनी पुढे इलेक्ट्रिक गाड्यांचंही एकत्रित बुकिंग केलं. पण उद्योजकाच्या बंगल्यातली गाडी आणि सेनगावच्या गुरुजींची स्कूटर यांचे प्रश्न वेगळे आहेत. इथून पुढचं लेखन मुख्यतः गुरुजींसाठी आहे.

२. एका किलोमीटरला खरा खर्च किती येतो?

स्कूटरचा हिशोब करू. साधारण ३ युनिटची बॅटरी रस्त्यावर ८०-८५ किलोमीटर नेते. चार्जरमध्ये थोडी वीज वाया जाते, म्हणून भिंतीतून साडेतीन युनिट धरा. युनिटला सगळे आकार मिळून १२ रुपये धरले तरी ४२ रुपये होतात, म्हणजे किलोमीटरला साधारण ५० पैसे. पेट्रोल १०५ रुपये आणि स्कूटरचं अ‍ॅव्हरेज ४५ धरलं तर किलोमीटरला २ रुपये ३३ पैसे.

फरक १ रुपया ८० पैशांचा. रोज ४० किलोमीटर आणि वर्षाला ३०० दिवस धरले तर वर्षाला २१-२२ हजार वाचतात. पण रोजचं फिरणं १० किलोमीटरच असेल तर बचत साडेपाच हजारांच्या आत राहते, आणि गाडीची जास्तीची किंमत वसूल व्हायला वर्षं लागतात. गल्लीतल्या गल्लीत फिरणाऱ्याने केवळ बचतीसाठी ईव्ही घेऊ नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

३. घरच्या मीटरवर चार्जिंग केलेलं चालतं का? बिल किती वाढेल?

चालतं. स्वतःची गाडी स्वतःच्या घरी चार्ज करत असाल तर घरगुती दरच लागतो, महावितरणची वेगळी परवानगी लागत नाही. दुसऱ्यांच्या गाड्या पैसे घेऊन चार्ज करायला लागलात तर मात्र चार्जिंग स्टेशनचं वेगळं कनेक्शन हवं. स्वतःच्या गाडीसाठीही वेगळं मीटर हवं असेल तर मागता येतं. केंद्राच्या वीज ग्राहक हक्क नियमांत फेब्रुवारी २०२४ मध्ये तशी दुरुस्ती झाली आहे.

बिलात स्लॅबकडे लक्ष ठेवा. घरगुती दराचे टप्पे १००, ३०० आणि ५०० युनिटांवर बदलतात. तुमचा वापर महिना ९० युनिट असेल आणि स्कूटरने ४८ युनिट खाल्ले, तर त्यातले ३८ युनिट दुसऱ्या, बऱ्याच महाग टप्प्यात जातात. महाग दर फक्त वरच्या युनिटांना लागतो, सगळ्या बिलाला नाही. शेजारी “स्लॅब बदलला की सगळंच बिल दुप्पट” म्हणत असेल तर त्याला बिलाची मागची बाजू दाखवा. कार महिन्याला हजार किलोमीटर चालली तर दीडशेच्या वर युनिट जातात. त्यांनी प्रश्न १५ वाचावा.

४. गाडी घ्यायच्या आधी घरात काय तपासायचं?

सगळ्यात आधी अर्थिंग. जुन्या घरांत तीन पिनांचा प्लग असतो, पण तिसरी तार भिंतीत कुठेच गेलेली नसते. नाहीतर कधीकाळी पुरलेला रॉड उन्हाळ्यात जमीन कोरडी पडली की नावालाच उरतो. फ्रीज, मोटार याची तक्रार करत नाहीत. ईव्हीचा चार्जर मात्र अर्थिंग नीट नसेल तर लाल दिवा दाखवून बंद पडतो, आणि लोक म्हणतात गाडी खराब निघाली. वायरमनला बोलावून फेज आणि अर्थ यांच्यामधलं, तसंच न्यूट्रल आणि अर्थ यांच्यामधलं व्होल्टेज मोजून घ्या. न्यूट्रल-अर्थमध्ये दोन-तीन व्होल्टच्या वर दाखवत असेल तर आधी ते दुरुस्त करा. काळ्या जमिनीत खड्डा नीट घेऊन अर्थिंग केलं, आणि उन्हाळ्यात त्यात अधूनमधून पाणी टाकलं, की काम होतं.

मग प्लग. स्कूटरलासुद्धा १६ अँपिअरचा पॉवर प्लग आणि बोर्डापासून थेट आलेली जाड वायर हवी. स्कूटरचा चार्जर तासन्‌तास चालतो. पंख्याच्या बोर्डातून काढलेल्या बारीक वायरला एवढा वेळ गरम राहायची सवय नसते. एक्स्टेन्शन बोर्ड वापरू नका. कारसोबत येणारा साधा चार्जर ३.३ किलोवॅटचा असतो, भिंतीवर बसवायचा मोठा ७.२ किलोवॅटचा. मोठ्याला ३२ अँपिअरची स्वतंत्र लाइन लागते.

आता मंजूर भार. बिलावर तो लिहिलेला असतो आणि खेड्यांत बऱ्याच घरांचा एखादा किलोवॅटच असतो. स्कूटरला हरकत नाही. कार घेणार असाल तर भार वाढवायचा अर्ज आधी करा, तो ऑनलाइन होतो.

शेवटी व्होल्टेज. संध्याकाळी गावातल्या डीपीवर ताण आला की दाब १७०-१८० वर येतो. बरेच चार्जर अशा वेळी थांबतात किंवा हळू चालतात. आठवडाभर संध्याकाळी सात, रात्री अकरा आणि पहाटे पाच वाजता व्होल्टेज बघून कागदावर लिहा. कुठल्या वेळी चार्जिंग लावायचं ते त्यातूनच कळतं. यासाठी साधा प्लगमध्ये लावायचा मीटर पुरतो.

५. आमच्याकडे लाइट दिवसातून चारदा जाते. मग?

चार्जिंग थांबतं, लाइट आली की आपोआप सुरू होतं. बॅटरीला त्याने काही होत नाही. स्कूटर पूर्ण भरायला चार-पाच तास लागतात, ते रात्रभरात तुकड्यातुकड्याने मिळाले तरी पुरतं. त्रास होतो तो गाडी रोज शेवटच्या टोकापर्यंत रिकामी करणाऱ्यांना. निम्म्याला आली की लावायची सवय ठेवली तर एक रात्र लाइट नसली तरी दुसऱ्या दिवसाची शाळा, बँक, मोंढा होऊन जातं.

घरच्या इन्व्हर्टरवर चार्ज करू नका. दीडशे अँपिअर-अवरच्या बॅटरीत पुरते दोन युनिटही नसतात, म्हणजे घर अंधारात आणि गाडी अर्धवट. डिझेल जनरेटरवर चार्जिंग महाग पडतं, आणि जनरेटरला अर्थिंग नसलं तर चार्जर चालतही नाही.

६. कंपनी १५० किलोमीटर सांगते, रस्त्यावर १०० का?

कंपनीचा आकडा ठरावीक चाचणीतला असतो. त्यातून तिसरा हिस्सा काढून टाका, उरेल तो आपल्या रस्त्याचा. मागे माणूस, समोर वारं, हवा कमी असलेले टायर आणि सतत साठचा वेग, प्रत्येकाने थोडं थोडं कमी होतं. तीन वर्षांनी बॅटरीची ताकदही काहीशी उतरते. म्हणून रोजच्या गरजेच्या दुप्पट खरी रेंज असलेली गाडी घ्यावी.

७. आपल्याकडे उन्हाळ्यात ४३-४४ डिग्री जातं. बॅटरी पेटणार नाही ना?

नुसत्या उन्हाने पेटत नाही. पण उष्णतेने बॅटरीचं आयुष्य कमी होतं, हे खरं आहे. दुपारी दोनला तापलेल्या रस्त्यावरून येऊन लगेच चार्जिंगला लावणं ही सगळ्यात वाईट सवय. गाडी सावलीत अर्धा-पाऊण तास निवू द्या. पत्र्याच्या शेडपेक्षा लिंबाच्या झाडाखाली ती जास्त सुखात राहते.

२०२२ च्या उन्हाळ्यात देशभरात स्कूटर पेटल्याच्या घटना झाल्या. त्यानंतर सरकारने बॅटरीच्या सुरक्षेचं एआयएस-१५६ हे मानक कडक केलं आणि मार्च २०२३ अखेरपासून त्याचा दुसरा टप्पाही लागू झाला. जुन्या साठ्यातली किंवा बिननावाची स्वस्त गाडी घेताना हे विचाराच. बॅटरी एलएफपी (लिथियम आयर्न फॉस्फेट) प्रकारची मिळत असेल तर ती निवडा. वजनाला जड असते, पण उष्णता तुलनेने चांगली सोसते.

चार्जिंग जिन्याखाली किंवा घराच्या एकुलत्या एक दाराच्या तोंडाशी करू नका. पेटण्याची शक्यता कमी असली तरी पेटलीच तर बाहेर पडायला वाट हवी. आणि आखाड्यावर गाडी ठेवणाऱ्यांनी उंदरांकडे बघा. सोयाबीनच्या थप्पीशेजारी लावलेल्या गाडीच्या वायरी कुरतडल्याचं गॅरेजवाले नेहमी सांगतात.

८. सबसिडी नेमकी किती मिळते?

दोन वेगळ्या तिजोऱ्या आहेत. केंद्राची फेम-२ योजना मार्च २०२४ ला संपली. ऑक्टोबर २०२४ पासून पीएम ई-ड्राइव्ह आली. तिच्यात दुचाकीला आधी बॅटरीच्या किलोवॅट-अवरमागे, म्हणजे एका युनिटमागे, ५,००० रुपये (जास्तीत जास्त १०,०००) होते, एप्रिल २०२५ पासून २,५०० रुपये (जास्तीत जास्त ५,०००) झाले, आणि दुचाकी-तीनचाकीची मुदत ३१ मार्च २०२६ ठरवली होती. खासगी कारला या योजनेत कधीच काही नव्हतं.

राज्याचं आधीचं धोरण २०२१ चं. नवं धोरण २०२५ मध्ये आलं आणि ते मार्च २०३० पर्यंत आहे. त्यात दुचाकीला किमतीच्या १० टक्के, जास्तीत जास्त १०,००० रुपये, तर तीनचाकीला जास्तीत जास्त ३०,००० रुपये प्रोत्साहन आहे. किती गाड्यांना द्यायचं याला मर्यादा आहे, म्हणून “मिळेल हो नंतर” या शब्दावर बुकिंग करू नका. कोटेशनवर केंद्राची आणि राज्याची रक्कम वेगवेगळ्या ओळींत लिहून मागा. लिहून देत नसेल तर ती रक्कम नाहीच असं धरून किंमत ठरवा.

इन्कम टॅक्सची ८० ईईबीची सूट मिळेल असं अजून काही विक्रेते सांगतात. ती ३१ मार्च २०२३ पर्यंत मंजूर झालेल्या कर्जांनाच आहे, नव्या कर्जाला नाही.

९. पासिंगला रोड टॅक्स लागतो का?

राज्याच्या धोरणानुसार मोटार वाहन कर आणि नोंदणी शुल्क माफ आहे. ३० लाखांच्या वरच्या इलेक्ट्रिक कारला ६ टक्के कर लावायचा प्रस्ताव मार्च २०२५ च्या अर्थसंकल्पात होता, तो मागे घेतला गेला. विमा, नंबर प्लेट हे खर्च लागतातच. थर्ड पार्टी विम्याच्या हप्त्यात मात्र ईव्हीला १५ टक्के सवलत आहे. नंबर प्लेट हिरवी असते, खासगी गाडीला पांढरी अक्षरं, भाड्याच्या गाडीला पिवळी. प्लेट फक्त हिरवी दिसते म्हणून टोलमाफी मिळत नाही, त्यासाठी पुढचं वाचा.

१०. टोल माफ आहे ना? मग माझा का कापला?

माफी रस्त्यावर अवलंबून आहे. समृद्धी महामार्ग, मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग आणि अटल सेतू यांवर इलेक्ट्रिक कार आणि बसना पूर्ण माफी आहे. जालना किंवा संभाजीनगरहून समृद्धीवर चढणाऱ्याला याचा चांगला फायदा होतो. पण धुळे-सोलापूर महामार्गावर केंद्राच्या प्राधिकरणाचे नाके आहेत, तिथे राज्याची ही माफी चालत नाही. बीडला जाताना टोल कापला गेला तर तक्रारीत अर्थ नाही.

समृद्धीवरच कापला गेला असेल तर आधी फास्टॅगमध्ये गाडीची नोंद तपासा. टॅग जुन्या पेट्रोल गाडीचा काढून लावलेला असेल किंवा इंधनाच्या रकान्यात चूक असेल तर यंत्र गाडी ओळखत नाही. बँकेकडून टॅग आरसीप्रमाणे दुरुस्त करून घ्या, मग पावतीसह तक्रार करा. मालवाहू गाडीला ही माफी नाही.

११. मुलगी अकरावीला आहे, लायसन नाही. बिनलायसनची स्कूटर घेऊ का?

मोटार २५० वॅटपर्यंत आणि वेग ताशी २५ किलोमीटरपर्यंत असलेल्या गाडीलाच पासिंग आणि लायसन लागत नाही. शिकवणीपुरती ती ठीक आहे. अडचण अशी की अनेक ठिकाणी दुकानदार “एक वायर काढली की पन्नासनं पळते” म्हणून देतात. ती वायर काढली की कायद्याच्या नजरेत ती विनानोंदणी, विनाविमा मोटारसायकल होते. अल्पवयीन मूल ती चालवताना अपघात झाला तर मोटार वाहन कायद्याच्या कलम १९९अ नुसार पालकाला २५,००० रुपये दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. शिवाय अशा गाडीचे ब्रेक पंचवीसच्या वेगासाठीच बनवलेले असतात.

१२. कार घेतली तर तुळजापूरला, पुण्याला जाता येईल का?

जाता येतं, पण डिझेल गाडीसारखं उठलं की निघालं असं नाही. संभाजीनगर ते तुळजापूर अडीचशे किलोमीटरच्या थोडं वर आहे. ३० युनिट बॅटरीच्या कारला मध्ये एकदा चार्जिंग लागणारच, बीडच्या आसपास केलेलं बरं. मांजरसुंब्याचा घाट चढताना बॅटरी पटापट उतरते, घाबरू नका, उतारावर थोडी परत येते.

समृद्धीवर वेगाचा मोह होतो. मर्यादा १२० ची आहे, पण शंभरच्या वर सतत पळवलं तर रेंज चौथ्या-तिसऱ्या हिश्शाने घटते. ८५-९० ने गेलेला माणूस पुष्कळदा एक चार्जिंग थांबा वाचवून आधी पोचतो.

फास्ट चार्जर मुख्यतः मोठ्या महामार्गांवर आणि जिल्ह्याच्या ठिकाणी आहेत. किनवट, भूम, सेनगाव अशा आतल्या भागात त्यांच्या भरवशावर जाऊ नका. अ‍ॅपवर चार्जर “चालू” दिसणं पुरेसं नाही. शेवटचं चार्जिंग कधी झालं आणि खालच्या कॉमेंट काय म्हणतात ते बघा. महावितरणचं पॉवरअप आणि खासगी कंपन्यांची अ‍ॅप मोबाईलमध्ये आधीच टाकून थोडे पैसे भरून ठेवा, कारण महामार्गाच्या कडेला नेटवर्क नसताना नवं खातं उघडणं म्हणजे डोकेदुखी. एक चार्जर ठरवला की त्याच्या अलीकडचा दुसराही ठरवून ठेवा. नवरात्रात तुळजापूरच्या वाटेवर रांग धरूनच चला. बाहेरच्या फास्ट चार्जरचा दर युनिटला १५ ते २५ रुपयांच्या घरात जातो, म्हणजे प्रश्न २ मधली बचत लांबच्या प्रवासात बरीच कमी होते.

घरी एकच गाडी असेल आणि महिन्यातून चार वेळा जिल्ह्याबाहेर जावं लागत असेल तर मी आजही ईव्हीच्या जोडीला पेट्रोल-सीएनजीची दुसरी गाडी ठेवायला सांगेन.

१३. सर्व्हिस सेंटर ९० किलोमीटरवर आहे. घ्यावी का?

स्कूटर असेल तर शक्यतो नको. इंजिन नाही, ऑइल नाही, म्हणून रोजची देखभाल कमी असते हे खरं. पण बिघडलीच तर गल्लीतला मिस्त्री कंट्रोलर (बॅटरीतून मोटारीला वीज देणारा इलेक्ट्रॉनिक भाग) उघडू शकत नाही, आणि बंद स्कूटर छोट्या टेम्पोत टाकून नेण्याचं भाडं तुमच्याच खिशातून जातं. शोरूमला तीन गोष्टी विचारा. कंट्रोलर किंवा चार्जर गेला तर पार्ट कुठून येतो? किती दिवसांत येतो? तोपर्यंत दुसरी गाडी देता का? मग त्याच शोरूमच्या बाहेर सर्व्हिसला आलेल्या दोन गिऱ्हाइकांशी बोला, खरं उत्तर तिथे मिळेल.

तालुक्याच्या ठिकाणी दसऱ्याला उघडलेली सब-डीलरची दुकानं पुढच्या उन्हाळ्यात बंद झालेली पुष्कळांनी पाहिली आहेत. सर्व्हिससाठी दुकान किती वर्षांचं आहे हे ब्रँडइतकंच महत्त्वाचं.

१४. शेतात मोटारीचं कनेक्शन आहे, वीज बिल माफ आहे. तिथेच स्कूटर लावली तर?

नका लावू. साडेसात एचपीपर्यंतच्या कृषिपंपांना मुख्यमंत्री बळीराजा योजनेत मोफत वीज २०२४ पासून आहे, ती पंपासाठी. मंजूर कामाशिवाय दुसऱ्या कामाला वीज वापरली तर वीज कायद्याच्या कलम १२६ नुसार दुप्पट दराने आकारणी होऊ शकते. तांत्रिक अडचणही आहे. शेतीच्या लाइनवर ठरावीक तासच तीन फेज असतात, आणि बाकीच्या वेळी दाब इतका खालीवर होतो की चार्जर जळायची भीती. आखाड्यावर राहत असाल तर घरगुती वेगळं कनेक्शन मागा.

सौर कृषिपंपाच्या पॅनलमधून तार काढण्याबद्दलही विचारतात. पंपाचा कंट्रोलर पंपासाठी बनलेला असतो, त्यातून घरगुती प्लगसारखी वीज निघत नाही. सरकारी अनुदानाच्या संचाला छेडछाड केली तर पुरवठादाराची दुरुस्तीची हमी जाते.

१५. छतावर सोलर बसवून गाडी फुकटात चालेल का?

फुकट नाही, पण सगळ्यात चांगला मेळ हाच. पीएम सूर्यघर योजनेत (फेब्रुवारी २०२४ पासून) ३ किलोवॅटला ७८,००० रुपये अनुदान आहे. ३ किलोवॅट दिवसाला साधारण १२ युनिट देतं, मराठवाड्याच्या उन्हात त्याची चिंता नाही. घरचा वापर भागून स्कूटर निघते, कारही बऱ्यापैकी निघते. मात्र हा संच ग्रीडला जोडलेला असतो. लाइट गेली की भर दुपारीही तो बंद होतो. “सोलर आहे म्हणजे लाइट गेली तरी चार्जिंग” हा गैरसमज महागात पडतो. आणि पॅनल धुवायला पाणी लागतं, हे दुष्काळी गावाला सांगावं लागू नये.

१६. रात्री चार्ज केलं तर वीज स्वस्त पडते ना?

उलटं झालंय. स्मार्ट मीटर बसलेल्या घरगुती ग्राहकांना जुलै २०२५ पासून सकाळी ९ ते संध्याकाळी ५ या वेळेतल्या वापरावर सवलत आहे, कारण त्या वेळी सौर वीज भरपूर असते. साधं मीटर असेल तर वेळेने फरक पडत नाही, तिथे प्रश्न ४ मधली व्होल्टेजची वेळच बघा. उन्हाळ्यात सकाळी नऊ-दहाला लावणं दोन्ही अंगांनी बरं.

१७. देगलूर-उदगीरकडून हैदराबाद, बिदर जवळ. तिकडून स्वस्त मिळते तर आणू का?

किंमत स्वस्त दिसते ती तिथल्या राज्याच्या सवलतीमुळे, आणि ती तिथे पासिंग केलं तरच. महाराष्ट्राचं प्रोत्साहन महाराष्ट्रात विकून इथेच नोंदलेल्या गाडीला असतं. तिकडचं पासिंग असलेली गाडी इथे कायम वापरायची तर वर्षाच्या आत एनओसी आणून एमएच-२६ (नांदेड) किंवा एमएच-५५ (उदगीर) करून घ्यावी लागते. वॉरंटीचं काम आपल्या जिल्ह्यातलं सेंटर करणार का, हे कंपनीकडून लेखी घ्या. या सगळ्या धावपळीत वाचलेले पाच हजार टिकत नाहीत.

१८. जुन्या मोटारसायकलला इलेक्ट्रिक किट बसवलं तर?

मान्यताप्राप्त चाचणी संस्थेची मंजुरी असलेलंच किट, तेही अधिकृत केंद्रातून, आणि नंतर आरसीवर इंधन बदलाची नोंद. यातलं एकही नसेल तर विमा कंपनी अपघातानंतर हात वर करते. यूट्यूब बघून वेल्डिंगच्या दुकानात केलेलं काम हौस म्हणून शेतात चालवा, रस्त्यावर नको.

१९. ई-रिक्षा किंवा माल वाहायची तीनचाकी परवडते का?

रोजचे ठरलेले ६०-८० किलोमीटर असतील तर मराठवाड्यात सगळ्यात लवकर परवडणारी ईव्ही हीच. दूध, भाजी, गॅस सिलिंडरच्या खेपा याला उत्तम. बॅटरीवरच्या प्रवासी आणि मालवाहू गाड्यांना परमिट लागत नाही, २०१८ पासून केंद्राने तशी सूट दिली आहे. मात्र पासिंग, फिटनेस, विमा आणि चालकाचं लायसन लागतंच.

घेताना ई-रिक्षा आणि ई-ऑटो यांत फरक करा. ई-रिक्षाचा वेग २५ चा, चार प्रवासी, गावातल्या गावात. ई-ऑटो पक्क्या बांधणीची, हमरस्त्याला चालणारी. अनेक ई-रिक्षांत लेड-अ‍ॅसिड बॅटरी असते, ती वर्ष-दीड वर्षात बसते आणि नवा संच घेताना कमाई तिकडेच जाते. लिथियमला आधी पैसे जास्त, पण हिशोब तिचाच बसतो. कर्ज देणारा व्याज “फ्लॅट” सांगतोय का, हे विचारा. ११ टक्के फ्लॅट म्हणजे घटत्या शिल्लकीवर जवळपास २० टक्के होतात.

२०. सेकंड हँड स्कूटर निम्म्या किमतीत मिळतेय, घेऊ?

बॅटरीचा रिपोर्ट कंपनीच्या सेंटरमधून काढल्याशिवाय नाही. बॅटरी बदलायची वेळ आली तर गाडीच्या किमतीच्या निम्म्याजवळ खर्च जातो, म्हणजे तुमचं “निम्म्यात” तिथेच संपलं. वॉरंटी नव्या मालकाच्या नावे होते का, मूळ चार्जर सोबत आहे का, आणि अ‍ॅपमधून जुन्या मालकाचं खातं काढलंय का, हेही बघा. बंद पडलेल्या कंपनीची गाडी कितीही स्वस्त असली तरी घेऊ नका. काही गाड्यांचं सॉफ्टवेअर कंपनीच्या सर्व्हरवर अवलंबून असतं.

२१. वीज तर परळीच्या कोळशाचीच. मग पर्यावरणाचं काय?

मुद्दा खरा आहे, पण अर्धा. पेट्रोलमधली बरीचशी ऊर्जा इंजिनच्या उष्णतेत जाते, इलेक्ट्रिक मोटार मिळालेल्या विजेतली बहुतांश चाकाला देते. म्हणून कोळशाची वीज धरूनही किलोमीटरमागचा धूर कमी पडतो. आणि परळीचंच बोलायचं तर २०१५ च्या दुष्काळात पाण्याअभावी ते औष्णिक केंद्र बंद ठेवावं लागलं होतं. मराठवाड्यात कोळशाची वीज पाणीही पिते, हा मुद्दा धुराइतकाच मोठा आहे. छतावर सोलर असेल तर हा प्रश्नच उरत नाही.

२२. बिडकीनला कारखाने येतायत. तोवर थांबलो तर गाडी स्वस्त मिळेल?

त्यासाठी थांबू नका. संभाजीनगरजवळच्या ऑरिक या औद्योगिक शहरात, बिडकीनला, एथरने दुचाकींचा कारखाना जाहीर केला (२०२४, सुमारे २,००० कोटी, दोन टप्पे मिळून वर्षाला १० लाख गाड्यांची क्षमता). टोयोटा किर्लोस्करचा २०,००० कोटींचा आणि जेएसडब्ल्यूचा २७,२०० कोटींचा प्रकल्पही तिथेच जाहीर झाला आहे. पण शोरूमची किंमत देशभर जवळपास एकच असते, कारखाना शेजारी म्हणून सूट मिळत नाही. फायदा होईल तो कामाचा. वाळूजला १९८५ मध्ये बजाज आल्यावर जे शिकले त्यांनीच पुढे गावोगाव गॅरेज टाकली. आयटीआयला मुलगा असेल तर त्याने बॅटरी आणि कंट्रोलरचं काम आत्ताच शिकावं, प्रश्न १३ ची अडचण त्यातूनच सुटेल.

थांबायचंच असेल तर दुसरं कारण बघा. सप्टेंबर २०२५ पासून ३५० सीसीपर्यंतच्या दुचाकी आणि छोट्या कारवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्के झाला. ईव्हीवर तो २०१९ पासून ५ टक्केच आहे. म्हणजे दोन्हींच्या किमतीतलं अंतर वाढलं आहे. प्रश्न २ चा हिशोब आजची कोटेशन घेऊनच करा.

२३. सप्टेंबरच्या पुरात स्कूटर दोन दिवस पाण्यात होती. आता सुरू करू का?

सुरूही करू नका आणि चार्जिंगलाही लावू नका. २०२५ च्या सप्टेंबरात धाराशिव, बीड, लातूरकडे पाणी घरात शिरलं तेव्हा हा प्रश्न पुष्कळांनी विचारला. बॅटरी आयपी-६७ असली तरी ती मर्यादा एक मीटर पाण्यात अर्ध्या तासाची आहे, गढूळ पाण्यात दोन दिवसांची नाही. गाडी घरापासून लांब, उघड्यावर न्या. बॅटरी निघत असेल तरी स्वतः उघडू नका. आत गेलेला ओलावा काही दिवसांनीही शॉर्ट करतो, म्हणून “वाळली, चालू झाली” यावर विसंबू नका. नंबर प्लेट दिसेल असे फोटो काढा, विमा कंपनीला लगेच कळवा, सर्वेअर येईपर्यंत गाडी धुऊ नका. फक्त थर्ड पार्टी विमा असेल तर भरपाई मिळत नाही. चार्जरही पाण्यात होता का ते सांगा, तो वेगळा गणला जातो.

२४. मी भाड्याने राहतो. घरमालक चार्जिंगला नाही म्हणतात.

बहुतेक मालकांना भीती बिलाची असते, आगीची नंतर. प्लगला स्वतंत्र सब-मीटर बसवून द्या, महिन्याला लागणाऱ्या युनिटांचा अंदाज आधीच लिहून दाखवा आणि तुमच्या वाढीव युनिटांना वरच्या स्लॅबचा दर द्यायची तयारी ठेवा, कारण मालकाचं बिल त्याच स्लॅबमध्ये जाणार आहे (प्रश्न ३). अर्थिंगचा खर्च तुम्ही केलात तर बोलणं लवकर मिटतं. तरीही नाहीच म्हणाले तर निघणाऱ्या बॅटरीची स्कूटर बघा, बॅटरी वर नेऊन चार्ज होते. तिचं वजन दहा किलोच्या आसपास असतं, तिसऱ्या मजल्यावर राहणाऱ्याने आधी शोरूममध्ये उचलून बघावी.